अफगाण स्त्रीने दाद मागायची तर कोणत्या कोर्टात?

मीमांसक

८ जुलै २०२५ ला हेगच्या आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाने (आयसीसी) तालिबानचा सर्वोच्च नेता हैबतुल्ला अखुंदजादा आणि सरन्यायाधीश अब्दुल हकीम हक्कानी यांच्यावर अटक वॉरंट काढलं. स्त्रियांचा, मुलींचा लिंगाच्या आधारावर छळ, म्हणजे मानवतेविरुद्धचा गुन्हा, असा आरोप. आपल्याकडे 'तालिबानला दणका' छापाचे मथळे आले आणि दोन दिवसांत विषय बंद.

मला विचारायचंय ते वेगळं. तीन बायका डोळ्यासमोर आणा. हेरातमधल्या एकीला मारकुट्या नवऱ्यापासून सुटायचंय. बदख्शानमधल्या एका विधवेच्या वाट्याची जमीन दिरांनी दाबलीय. काबूलमधली तिसरी मोर्च्यात गेली म्हणून कोठडीत मार खाऊन आलीय. आज यांना कुठलं दार उघडं आहे, आत शिरायला काय लागतं आणि गाडं कुठे अडतं? 'बिचाऱ्या' आणि 'किती हे भयंकर' लिहायला इतर धागे आहेत. इथे कायद्याचं लिहा.

फिकीर_नॉट

आयसीसीने वॉरंट काढलं वाचून मला आधी वाटलं जय शहांनी काढलं. (हलके घ्या)

कलम_दवात

उत्तर घरच्या कोर्टापासून सुरू करू.

१९७७ चा अफगाण दिवाणी कायदा वाईट नव्हता. त्यात विवाह संपवायचे मुख्य मार्ग तीन. तलाक, तो नवऱ्याच्या हातात. खुला, म्हणजे बायकोने मेहर किंवा ठरेल ती रक्कम परत करून सुटका घ्यायची, पण नवऱ्याच्या संमतीने. आणि तफरीक, म्हणजे कोर्टाने तोडलेला विवाह, नवरा हो म्हणो वा न म्हणो. तफरीकला कारणं चार: नवऱ्याचा असाध्य रोग किंवा दोष, त्याच्याकडून होणारा जाच, पोटगी न देणं, आणि ३ वर्षं किंवा जास्त विनाकारण बेपत्ता असणं. नवऱ्याला १० वर्षं किंवा जास्त कैद झाली असेल तर पहिली ५ वर्षं गेल्यावर बायको अर्ज करू शकत असे.

यातली जाच आणि पोटगीची कारणं हनफी फिक्हमधली (अफगाणिस्तानात चालणाऱ्या सुन्नी पंथाच्या धर्मशास्त्रातली) नाहीत, मालिकी या दुसऱ्या सुन्नी पंथातून घेतलेली आहेत. नेमकं इथेच सगळं अडतं. तालिबानने जुने कायदे बाजूला ठेवून न्यायाधीशांना हनफी फिक्हवर निवाडे द्यायला लावले. शुद्ध हनफी मतात 'नवरा मारतो' म्हणून कोर्ट विवाह तोडू शकत नाही. नवरा बेपत्ता असेल तर त्याच्या वयाची माणसं मरेपर्यंत वाट पाहायची. म्हणजे हेरातच्या बाईकडे उरला खुला, आणि खुल्याची किल्ली नवऱ्याच्या खिशात. तो मागेल ती रक्कम मोजायची, शिवाय मुलांवरचा हक्क सोडायचा.

याहून वाईट म्हणजे तालिबान येण्याआधीच्या प्रजासत्ताकाच्या काळात तफरीकने मिळालेले घटस्फोट आता पुन्हा उघडले जाताहेत. जुना नवरा तालिबानच्या कोर्टात जातो, 'मी हजर नव्हतो, मी संमती दिली नव्हती' म्हणतो, आणि निकाल फिरतो. मधल्या काळात बाईने दुसरं लग्न केलं असेल तर ती थेट व्यभिचाराच्या आरोपाच्या तोंडाशी.

गोदातीर

कदं, उत्तम प्रतिसाद. याला भारताचा एक धागा जोडतो. अविभाजित हिंदुस्थानातही हाच पेच होता. इंग्रजी कोर्टं हनफी मत लावायची, तफरीक मिळायची नाही, म्हणून बायका विवाह तुटावा एवढ्यासाठी धर्म सोडायला लागल्या. तेव्हा देवबंदच्याच परंपरेतल्या मौलाना अशरफ अली थानवींनी मालिकी मत घ्यायला मोकळीक देणारा ग्रंथ लिहिला, आणि त्याच्या पायावर १९३९ चा मुस्लिम विवाहविच्छेद कायदा उभा राहिला. नवरा ४ वर्षं बेपत्ता, २ वर्षं पोटगी नाही, ७ वर्षं कैद, क्रूरपणा, ही कारणं त्यात आली. आजही आपल्याकडच्या कौटुंबिक न्यायालयांत हाच कायदा चालतो.

तालिबान स्वतःला देवबंदी परंपरेतलेच म्हणवतात. म्हणजे 'शरियतमध्ये बसत नाही' हे उत्तर त्यांच्याच गुरुकुलाने नव्वद वर्षांपूर्वी खोडून ठेवलंय. अफगाण वकील बायका, ज्या अजून आतून बोलतात त्या, हाच मुद्दा मांडतात. मानवी हक्कांची भाषा काझीपुढे चालत नाही, थानवींचं नाव चालू शकतं.

अंजिरी

+१. वाचनखूण साठवली.

लष्करच्या_भाकऱ्या

'चालू शकतं' पण मांडणार कोण? २०२१ च्या नोव्हेंबरात अफगाण बार असोसिएशनची स्वायत्तता काढून ती न्याय मंत्रालयात ओढली. जुने परवाने रद्द, नवी परीक्षा, ती फक्त पुरुषांना. स्त्री वकील कोर्टात उभी राहू शकत नाही. अडीचशेच्या आसपास स्त्री न्यायाधीश होत्या, त्यांतल्या बहुतेक देश सोडून गेल्या किंवा लपल्या, कारण त्यांनी ज्यांना तुरुंगात पाठवलं होतं ते तालिबानने सोडून दिले. त्याआधीच १७ जानेवारी २०२१ ला काबूलमध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या दोन स्त्री न्यायाधीशांना गोळ्या घातल्या होत्या.

आता पोटगीची तक्रार कशी होते ते बघा. आधी न्याय मंत्रालयाच्या हुकूक कार्यालयात अर्ज द्यायचा. तिथून मिटलं नाही तर इब्तिदाइया म्हणजे प्राथमिक कोर्ट, मग मुराफिआ म्हणजे अपील, मग तमीज म्हणजे शेवटचं अपील. पहिल्याच खिडकीवर विचारतात, महरम कुठाय? महरम म्हणजे नवरा, बाप, भाऊ, मुलगा. ज्याच्याविरुद्ध तक्रार त्यालाच सोबत घेऊन जायचं, किंवा जो भाऊ 'घरची अब्रू' म्हणून गप्प बसवतोय त्याला. ७२ किलोमीटरच्या पुढे महरमशिवाय प्रवास नाही, हा डिसेंबर २०२१ चा आदेश. तालुक्यापासून प्रांताचं कोर्ट बहुधा त्याहून लांब. समोर बाई कर्मचारी नाही, त्यामुळे मारहाणीच्या खुणा दाखवायला जागाच नाही.

आणि शेवटचं अपील कुठे? सरन्यायाधीशाकडे. म्हणजे ज्याच्यावर हेगचं वॉरंट आहे त्याच्याकडेच.

टवाळ_मावळा

चोराच्या हातात जामदारखान्याच्या किल्ल्या म्हणतात ते हेच.

सुमेधा_प

मीमांसक, तुमच्या दुसऱ्या बाईची, म्हणजे विधवेची, केस मात्र तिघींत सगळ्यात बरी आहे. ऐकायला विचित्र वाटेल.

३ डिसेंबर २०२१ ला अखुंदजादानेच स्त्रियांविषयी एक फर्मान काढलं. त्यात आहे: प्रौढ स्त्रीच्या संमतीशिवाय निकाह नाही, स्त्री ही मालमत्ता नव्हे, तंटा मिटवायला कुणाला देता येणार नाही, विधवेला इद्दत (नवरा गेल्यावरचा ठरलेला प्रतीक्षाकाळ) संपल्यावर सासरच्यांनी जबरदस्तीने लग्न लावू नये, तिला मेहर आणि वारसाहक्क मिळावा. शिक्षण, नोकरी यांचा उल्लेखच नाही, त्याबद्दल योग्य ती टीका झाली. पण वारसाहक्काच्या बाबतीत फिक्ह आणि फर्मान एका बाजूला आहेत, रूढी दुसऱ्या बाजूला. विधवेचा वाटा कुराणातच ठरलेला: मुलं असतील तर १/८, नसतील तर १/४. मुलीला मुलाच्या निम्मा. काझीला इथे मोडतोड करायला वाव कमी.

लागतं काय: नवऱ्याच्या मृत्यूचा पुरावा, वारसांची यादी ठरवणारी कोर्टाची वसिका (दस्तऐवज), जमिनीचा कागद, आणि साक्षीदार. मालमत्तेच्या दाव्यात दोन पुरुष किंवा एक पुरुष व दोन स्त्रिया. गाडं अडतं ते दोन जागी. एक, जमिनीचे कागद बऱ्याच घरांत नोंदलेले नसतात, गावच्या मोठ्यांच्या सहीचा साधा दस्त असतो आणि तो दिरांच्या पेटीत. दोन, तिच्याकडे स्वतःची तज्किरा, म्हणजे ओळखपत्र, नसते. ती काढायला पुन्हा घरातला पुरुष लागतो.

म्हणून तिथले जाणकार सांगतात की आधी कागदाचा फोटो मिळव, मग भांडण काढ. दाव्याची कुणकुण लागली की कागद पहिला गायब होतो.

नीलकंठी

इथे प्रजासत्ताकाच्या काळाचं फार कौतुक होतंय का? २००९ चा स्त्री-हिंसाचारविरोधी कायदा, स्वतंत्र सरकारी वकील, निवारागृहं, सगळं होतं. तालिबान येईपर्यंत गाडी रुळावर होती.

कलम_दवात

नीलकंठी, कौतुक कुणी केलेलं नाही, पण रुळावरही नव्हती.

तो कायदा करझाईंनी अध्यक्षीय फर्मानाने आणला. २२ कृत्यं त्यात गुन्हा ठरवली: बलात्कार, बालविवाह, सक्तीचा विवाह, बाद म्हणजे तंट्याच्या भरपाईत मुलगी देणं, वारसा नाकारणं वगैरे. संसदेने तो कधी मंजूर केलाच नाही. मे २०१३ मध्ये चर्चेला आला, फार टिकला नाही, विरोध बघून सभापतींनी आवरतं घेतलं.

खरी मेख कलम ३९ मध्ये होती. बलात्कार, वेश्याव्यवसायाची सक्ती, पीडितेची ओळख उघड करणं, जाळणं किंवा ॲसिड, आणि आत्महत्येला भाग पाडणं, या पाच गुन्ह्यांत (कलम १७ ते २१) सरकारने आपणहून खटला चालवायचा. बाकी सगळ्यांत बाईने कुठल्याही टप्प्यावर तक्रार मागे घेतली की खटला बंद. मग काय, पोलीस, सरकारी वकील, जिरगा म्हणजे गावपंचायत, सगळे मिळून 'मिटवून घे' म्हणून तिच्याच मागे. मारहाणीचे खटले बहुतेक असेच विरले.

आणि घरातून पळालेल्या बायका? 'पळून जाणं' फौजदारी संहितेत गुन्हाच नव्हता. तरी सर्वोच्च न्यायालयाच्या मार्गदर्शनावर बोट ठेवून, संविधानाच्या कलम १३० चा आधार घेऊन, त्यांना 'व्यभिचाराचा प्रयत्न' म्हणून तुरुंगात घालत. ते कलम म्हणतं, कायदा नसेल तिथे हनफी फिक्ह लावा. फौजदारी बाबतीत ते लावणं संविधानाच्याच दुसऱ्या तत्त्वाशी विसंगत होतं, पण अडवणार कोण?

गोदातीर

फरखुंदाचं प्रकरण आठवा. १९ मार्च २०१५, काबूलच्या मध्यवस्तीत, कुराण जाळल्याच्या खोट्या आरोपावरून जमावाने २७ वर्षांच्या मुलीला ठार मारलं, पोलीस बघत होते. ४९ आरोपी, त्यात १९ पोलीस. २ मे ला खटला सुरू, ६ मे ला निकाल, चौघांना फाशी. लोकांना वाटलं न्याय झाला. पण चार दिवसांत एवढ्या जणांचा खटला म्हणजे कित्येकांना वकीलसुद्धा नव्हता. अपिलात फाशी रद्द, तिघांना २० वर्षं, एकाला १०. पोलिसांना जास्तीत जास्त १ वर्ष. घाईत चालवलेला खटला अपिलात कसा ढासळतो याचा नमुना.

नीलकंठींच्या बाजूने एक मात्र मान्य. २३ सरकारमान्य निवारागृहं होती, ती आज नाहीत. घरात धोका असलेल्या बाईला ठेवायला पुरुष नातेवाईक नसेल तर तिला 'सुरक्षेसाठी' तुरुंगात ठेवल्याची नोंद संयुक्त राष्ट्रांच्या काबूल मोहिमेने केलीय. तेव्हाची व्यवस्था लंगडी होती, आताची पांगळी आहे.

फिकीर_नॉट

माझ्या जय शहांच्या विनोदाला कुणीच हसलं नाही. पण खरंच विचारतो, क्रिकेटच्या आयसीसीने काय केलं?

टवाळ_मावळा

फिनॉ, वाटतं तितकं विषयांतर नाही. अफगाणिस्तान २०१७ ला पूर्ण सदस्य झाला. पूर्ण सदस्याने स्त्रियांचा संघ ठेवावा असा नियम. २०२० मध्ये २५ जणींना करार दिले, २०२१ मध्ये त्या जीव मुठीत धरून निघाल्या, बहुतेक ऑस्ट्रेलियात पोचल्या. पुरुषांचा संघ खेळतोच आहे. ३० जानेवारी २०२५ ला या मुलींनी मेलबर्नच्या जंक्शन ओव्हलवर एक सामना खेळला, 'अफगाणिस्तान विमेन्स इलेव्हन' या नावाने. एप्रिल २०२५ मध्ये आयसीसीने बीसीसीआय, इंग्लंड आणि ऑस्ट्रेलियाच्या मंडळांना घेऊन त्यांच्यासाठी निधी आणि कृतिगट जाहीर केला. संघ म्हणून मान्यता मात्र नाही. नियम आहे, मोडला तर शिक्षा नाही. तुमच्या हेगसारखंच.

हेगकर

'हेगसारखंच' म्हणून हात झटकू नका. आधी एक गोंधळ निस्तरतो. हेगमध्ये दोन वेगळी न्यायालयं आहेत. फौजदारी न्यायालय माणसांवर खटला चालवतं. आंतरराष्ट्रीय न्यायालय देशांमधले वाद ऐकतं. अफगाण स्त्रियांच्या बाबतीत दोन्हीकडे हालचाल आहे, पण रस्ते वेगळे.

फौजदारी न्यायालय: अफगाणिस्तान १० फेब्रुवारी २००३ ला सदस्य झाला, अधिकारक्षेत्र १ मे २००३ पासून. तपासाची परवानगी २०१७ ला मागितली, २०१९ ला नाकारली, ५ मार्च २०२० ला अपिलात मिळाली, मग काबूल सरकारच्या विनंतीवरून थांबली, ३१ ऑक्टोबर २०२२ ला पुन्हा सुरू. वॉरंटचा अर्ज २३ जानेवारी २०२५ चा. फेब्रुवारीत तालिबानने 'आम्ही रोमचा करार मानत नाही' जाहीर केलं (हे न्यायालय त्याच करारावर उभं आहे). त्याला किंमत शून्य. बाहेर पडायचं तर रीतसर कळवावं लागतं, मग एक वर्षाने लागू होतं, आणि आधीच्या गुन्ह्यांवरचा अधिकार तरीही जात नाही.

वॉरंटमध्ये एक गोष्ट बातम्यांत आली नाही. पीडितांमध्ये फक्त स्त्रिया आणि मुली नाहीत. तालिबानच्या लिंगविषयक धोरणात न बसणारी माणसं आहेत, आणि स्त्रियांचे 'साथीदार' समजून छळलेलेही आहेत. मुलीच्या शाळेसाठी बोलला म्हणून पकडलेला बाप किंवा शिक्षकसुद्धा पीडित म्हणून अर्ज करू शकतो.

अटक कशी होणार? न्यायालयाकडे पोलीस नाहीत. शेजाऱ्यांपैकी फक्त ताजिकिस्तान सदस्य. पाकिस्तान, इराण, चीन, उझबेकिस्तान, तुर्कमेनिस्तान, कुणी नाही. भारत नाही, रशिया नाही, कतार नाही. अखुंदजादा कंदाहारबाहेर क्वचित दिसतो. आणि आरोपी हजर नसताना तिथे खटला चालत नाही. त्यामुळे निकालाची घाई कुणी करू नये.

अंजिरी

मग पीडितेने अर्ज करून उपयोग काय?

हेगकर

तीन उपयोग. नोंद होते, पुढे खटला उभा राहिला तर तिला वकिलामार्फत बाजू मांडता येते, दोषसिद्धी झाली तर भरपाई मागता येते. फी नाही. स्वतःचा वकील परवडत नसेल तर अनेकांसाठी मिळून एक नेमला जातो.

ओळखीचा पुरावा लागतो. तज्किरा नसेल तर दुसरी कागदपत्रं, तीही नसतील तर ओळखणाऱ्या दोन विश्वासू साक्षीदारांचं सहीचं निवेदन, हे न्यायालयाने याआधी स्वीकारलंय. माहिती किंवा पुरावा पाठवायचा असेल तर तो कुणालाही पाठवता येतो. अभियोक्त्याच्या कार्यालयाचं ऑनलाइन दालन २०२३ पासून आहे. पण 'पीडित म्हणून अर्ज' आणि 'अभियोक्त्याला माहिती' हे दोन वेगळे खटाटोप आहेत, दोन वेगळ्या कार्यालयांकडे. एक केलं म्हणजे दुसरं झालं असं नाही. इथे बरेच जण फसतात.

सुमेधा_प

पुराव्याबद्दल थोडं. परदेशातल्या संस्था, नातेवाईक, आपल्याकडचे विद्यार्थीही उत्साहाने मुलाखती घेतात, आणि तिथेच खटल्याचं नुकसान होतं.

एका बाईची तीन जणांनी तीनदा सविस्तर जबानी घेतली की तपशील इकडेतिकडे होतात. दुखावलेल्या माणसाची आठवण तशीच असते. पण त्या तिन्ही जबान्या पुढे बचाव पक्षाच्या हाती येऊ शकतात, आणि 'तेव्हा तारीख वेगळी सांगितली होती' यावर साक्ष मोडते. म्हणूनच २०२२ मध्ये फौजदारी न्यायालयाने युरोजस्टबरोबर (युरोपीय संघाची न्यायसहकार्य संस्था) काढलेल्या मार्गदर्शिकेत संस्थांना सांगितलंय की लैंगिक अत्याचाराच्या पीडितांची आणि मुलांची सविस्तर जबानी शक्यतो घेऊच नका. कोण, कुठे आहे, ढोबळमानाने काय झालं, संपर्क कसा करायचा, एवढंच टिपा आणि प्रशिक्षित तपासनीसाकडे सोपवा.

फोटो-व्हिडिओचं: व्हॉट्सॲपवर साधा फोटो पाठवला की तो दाबला जातो आणि वेळ-जागेची आतली माहिती पुसली जाते. 'डॉक्युमेंट' म्हणून पाठवा म्हणजे मूळ फाइल जशीच्या तशी जाते. मूळ फोनवरची फाइल उघडून काटछाट करू नका, चेहरा धूसर करायचा तो प्रतीवर करा. मिळाल्याबरोबर फाइलचा एसएचए-२५६ हॅश, म्हणजे फाइलवरून निघणारा अंकी ठसा, काढून ठेवा, एका अक्षराचा फरक झाला तरी तो बदलतो, म्हणजे छेडछाड नाही हे दाखवता येतं. कोणाकडून, कधी, कशावर मिळाली याची वही ठेवा. आणि तिच्या फोनमध्ये ते राहू देऊ नका. चौकीवर फोन तपासतात. आधी तिचा जीव, मग पुरावा, हा क्रम त्या मार्गदर्शिकेतही आहे.

लष्करच्या_भाकऱ्या

सुमेधाताई, हा प्रतिसाद वेगळा धागा म्हणून काढा.

गोदातीर

हेगकरांनी दुसऱ्या न्यायालयाचं अर्ध्यावर सोडलं, मी पुढे नेतो. स्त्रियांविरुद्धच्या भेदभावाचा करार, सीडॉ, अफगाणिस्तानने ५ मार्च २००३ ला एकही आरक्षण न ठेवता स्वीकारला. मुस्लिमबहुल देशांत हे अपवादात्मक. कलम २९ प्रमाणे एक देश दुसऱ्याला आंतरराष्ट्रीय न्यायालयात खेचू शकतो, पण पायऱ्या चढून: आधी वाटाघाटी, नाही जमलं तर लवादाची मागणी, आणि सहा महिन्यांत लवादाच्या रचनेवर एकमत झालं नाही तर न्यायालय. सप्टेंबर २०२४ मध्ये जर्मनी, ऑस्ट्रेलिया, कॅनडा आणि नेदरलँड्स यांनी ही पहिली पायरी जाहीर केली.

'तालिबानशी कसल्या वाटाघाटी' असं वाटेल, पण पायरी गाळली तर दावा दारातच पडतो. २०११ मध्ये जॉर्जियाचा रशियाविरुद्धचा वंशभेदाच्या करारावरचा दावा नेमका याच कारणाने फेटाळला गेला. उलट गांबियाने म्यानमारवर नोव्हेंबर २०१९ मध्ये दावा लावला आणि जानेवारी २०२० मध्ये अंतरिम आदेश मिळाला. वंशसंहाराच्या करारात ही पायरी नाही. तालिबानशी बोलणं म्हणजे मान्यता नव्हे, हे चौघांनी पहिल्याच निवेदनात लिहून टाकलं.

एकटी बाई मात्र सीडॉच्या समितीकडे वैयक्तिक तक्रार नेऊ शकत नाही. त्यासाठीचा वेगळा ऐच्छिक पूरक करार अफगाणिस्तानने स्वीकारलेला नाही. आपणही नाही.

नीलकंठी

भारत त्या चौघांत का नाही?

गोदातीर

असूच शकत नाही. सीडॉ स्वीकारताना भारताने कलम २९ च्या पहिल्या परिच्छेदाला बांधील नसल्याचं जाहीर केलंय. ज्याला स्वतःवर दावा नको तो त्या कलमाखाली दुसऱ्यावर लावू शकत नाही. राजकारण त्यानंतर.

टवाळ_मावळा

राजकारण म्हणाल तर ऑक्टोबर २०२५ ला तालिबानचे परराष्ट्रमंत्री मुत्तकी दिल्लीत आले तेव्हाची पत्रकार परिषद. १० तारखेला एकही बाई पत्रकार आत नाही. बोंब झाली, १२ तारखेला दुसरी घेतली, पहिल्या रांगेत सगळ्या बायका. बोंब मारल्याने काहीतरी होतं म्हणायचं.

अंजिरी

पण त्यांना अटक का नाही केली, असं तेव्हा बरेच जण विचारत होते.

हेगकर

त्यांच्यावर वॉरंट नाही, दोघांवरच आहे. शिवाय भारत रोमच्या कराराचा सदस्य नाही. मुत्तकी आहेत ते सुरक्षा परिषदेच्या प्रवासबंदीच्या यादीत, आणि त्या दौऱ्यापुरती परिषदेच्याच समितीने सूट दिली होती.

कलम_दवात

सगळे हेगमध्ये अडकलेत. माझ्या मते गेल्या काही वर्षांत अफगाण स्त्रीच्या हाती प्रत्यक्ष काही पडलं असेल तर ते लक्झेंबर्गमध्ये. ४ ऑक्टोबर २०२४, युरोपीय संघाचं न्यायालय, ऑस्ट्रियातून आलेली दोन अफगाण स्त्रियांची प्रकरणं. निकाल असा: तालिबानचे निर्बंध एकत्र धरले की तो छळच, सक्तीचा विवाह आणि घरगुती हिंसेपासून संरक्षणाचा अभाव हे तर एकेकटेही छळ ठरतात. त्यामुळे आश्रय देताना अर्जदार अफगाण नागरिक आहे आणि स्त्री आहे, एवढं पाहिलं तरी पुरे. 'तुला वैयक्तिक धोका काय' हे तिने सिद्ध करत बसायला नको. स्वीडन, डेन्मार्क, फिनलंड हे आधीच करत होते.

मर्यादा दोन. हा व्हिसा नाही. आधी युरोपच्या जमिनीवर पाय ठेवावा लागतो, आणि काबूलमधल्या बाईला तेच अशक्य. शिवाय आधी दुसऱ्या सदस्य देशात बोटांचे ठसे दिले असतील तर अर्ज तिकडे वळवला जाऊ शकतो.

नीलकंठी

आणि भारतात असलेल्या अफगाण बायका? पुण्यात कितीतरी विद्यार्थिनी होत्या.

लष्करच्या_भाकऱ्या

भारताने १९५१ चा निर्वासित करार केलेला नाही, निर्वासितांचा वेगळा कायदाही नाही. संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासित उच्चायुक्तांच्या दिल्ली कार्यालयात नोंदणी होते, मुलाखत होते, मान्य झालं तर कार्ड मिळतं. त्या कार्डाने नोकरीचा हक्क येत नाही. तिसऱ्या देशाने घेतलं तरी निघताना परदेशी नागरिक नोंदणी कार्यालयाची बाहेर पडायची परवानगी लागते, आणि व्हिसा उलटून गेला असेल तर ती तिथे रखडते. २०१९ चा नागरिकत्व दुरुस्ती कायदा अफगाणिस्तानातल्या हिंदू, शीख वगैरे सहा समुदायांसाठी आहे, तेही ३१ डिसेंबर २०१४ पर्यंत आलेल्यांना. मुस्लिम स्त्रीला त्याचा काही उपयोग नाही. सुट्टीला घरी गेलेल्यांचे जुने व्हिसा २५ ऑगस्ट २०२१ ला एका फटक्यात रद्द झाले, त्यात शिष्यवृत्तीवरच्या मुलीही होत्या.

मीमांसक

सर्वांचे आभार. हेरातची बाई खुल्यावर अडकली, विधवेला थोडी आशा आहे, इतपत कळलं. माझी तिसरी, काबूलची कोठडीत मार खाल्लेली, राहिली.

हेगकर

तिला देशात तक्रार करायला यंत्रणाच नाही. महाअभियोक्त्याचं कार्यालय २०२३ मध्ये मोडून त्याचं फर्मानांच्या अंमलबजावणीवर देखरेख करणारं खातं केलं. मानवी हक्क आयोग मे २०२२ मध्येच बरखास्त.

तिच्यासाठी बाहेरचे तीन रस्ते. पहिला, फौजदारी न्यायालय, वर लिहिलं तसं. दुसरा, ६ ऑक्टोबर २०२५ ला संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क परिषदेने अफगाणिस्तानसाठी स्वतंत्र तपास यंत्रणा मंजूर केली. तिचं काम खटला चालवणं नाही, तर पुरावे गोळा करून, जपून, ज्या कुठल्या देशाचं कोर्ट उद्या खटला घेईल त्याला फाइल तयार देणं. सीरियासाठी अशीच यंत्रणा २०१६ मध्ये झाली होती. तिसरा, सार्वत्रिक अधिकारक्षेत्र: गुन्हा कुठेही होवो, आरोपी आपल्या हद्दीत सापडला तर खटला. हे पुस्तकी नाही. अफगाण सरदार फरयादी जरदाद लंडनमध्ये राहत होता, २००५ मध्ये तिथल्याच कोर्टाने छळ आणि ओलीस ठेवण्याबद्दल २० वर्षं दिली. साक्षीदारांनी काबूलहून व्हिडिओवर साक्षी दिल्या होत्या.

यात बड्या नेत्यापेक्षा मधला माणूस सापडायची शक्यता जास्त. कोठडीचा प्रमुख, चौकीवरचा अधिकारी, जो उद्या स्वतःच निर्वासित म्हणून युरोपात येईल. त्यामुळे तिने आत्ता टिपायचं ते 'तालिबानने मारलं' नव्हे. कुठली इमारत, कितवा मजला, कुणी कुणाला काय नावाने हाक मारली, कुठली बोली, पहारा किती वाजता बदलायचा, बरोबर कोण कोण होतं. माणूस ओळखायला याच गोष्टी लागतात.

सुमेधा_प

आणि डॉक्टरचा कागद. सुटल्यावर जमेल तितक्या लवकर, खासगी दवाखान्यात का होईना. कागदावर 'पडली' लिहिलं असलं तरी चालेल, जखमेची जागा, माप आणि तारीख असली म्हणजे झालं. कारण काय ते तज्ज्ञ नंतर जखमेच्या ठेवणीवरून सांगू शकतो. तारीख मागाहून कुणी घालू शकत नाही.

फिकीर_नॉट

मीमांसक, माझा एक वेडा प्रश्न. 'लिंगाधारित वर्णभेद' असा वेगळा गुन्हाच का नाही करत?

गोदातीर

वेडा नाही, तीच सध्याची मोठी लढाई आहे. १९७३ च्या करारात वर्णभेद फक्त वंशापुरता आहे. मानवतेविरुद्धच्या गुन्ह्यांवर नवा जागतिक करार करायचं संयुक्त राष्ट्रांनी डिसेंबर २०२४ मध्ये ठरवलं, त्याच्या परिषदा २०२८ आणि २०२९ ला न्यूयॉर्कमध्ये. अफगाण स्त्रियांचा आग्रह आहे की त्यात व्याख्येत 'लिंग' घाला.

कलम_दवात

मी याबाबत साशंक आहे. छळाचा गुन्हा आजच लागू होतो आणि वॉरंट त्यावरच निघालंय. नवा गुन्हा मागच्या कृत्यांना लागणार नाही.

गोदातीर

कदं, इथे असहमत. छळात एकेक कृत्य आणि एकेक आरोपी सिद्ध करावा लागतो. वर्णभेदात राजवटीची रचनाच गुन्हा ठरते, आणि ती चालू राहिली तर करार लागू झाल्यानंतरच्या प्रत्येक दिवसाला लागते. शाळाबंदी, विद्यापीठबंदी, महरम, बाईच्या आवाजावरचा २०२४ चा कायदा, हे सुटे सुटे बघितले तर प्रत्येकाला काहीतरी सबब सापडते. शिवाय दक्षिण आफ्रिकेच्या वेळी इतर देशांवर व्यापार आणि संबंध तोडण्याचा जो दबाव आला तो याच शब्दाच्या जोरावर.

कलम_दवात

दबावाचा मुद्दा मान्य, पण ३ जुलै २०२५ ला रशियाने तालिबानला मान्यता दिलीय. वारं उलट्या बाजूला आहे. उद्या सविस्तर लिहितो, दक्षिण आफ्रिकेचं उदाहरण मला इथे तंतोतंत बसत नाही.